हुकूम झाल्यानंतर

शेजारच्या सुनंदावहिनींसोबत मी हायकोर्टात गेले होते. त्यांच्या नवऱ्याला गावातल्या पुढाऱ्याच्या जीपनं चिरडलं होतं आणि पोलिसांनी तो साधा अपघात ठरवला होता. तपास करणारे फौजदार त्याच पुढाऱ्याच्या पंगतीला असायचे, हे गावाला ठाऊक होतं. आता ते न्यायमूर्तींनाही कळलं. तपास दुसऱ्या जिल्ह्यातल्या अधिकाऱ्याकडे द्यावा आणि अहवाल थेट कोर्टात आणावा, असा हुकूम झाला. वहिनींनी डोळे पुसले.

बाहेर व्हरांड्यात तेच फौजदार उभे होते. अदबीनं बाजूला सरून त्यांनी आम्हाला वाट दिली.

"ताई, आता गावीच जाणार ना? सांभाळून जा हं."

एवढंच म्हणाले. यात धमकी होती, हे कुणापुढे कसं सिद्ध करायचं? न्याय मागायला माणूस शहरात येतो, पण राहायला त्याला आपल्याच दारी परतावं लागतं. कोर्टाची नजर तपासावर राहील. आमच्या गल्लीत अंधार पडल्यावर तिला काय दिसणार?

वहिनींनी माझा हात घट्ट धरला.

"लेक एकटी आहे घरी," त्या म्हणाल्या, आणि आम्ही दोघी एसटी स्टँडकडे पळत सुटलो.