फणस भरीव होता

वासू गेल्याचा निरोप आला तेव्हा मी अंगणातल्या ओंडक्यांची वाळवी झाडत होते. खरं तर ते काम त्याचं. माझा हा धाकटा भाऊ, हळर्णचा सुतार, दर सोमवारी धारगळला माझ्याकडे यायचा आणि चहाला बसायच्या आधी खराटा हातात घ्यायचा. छातीत कळ येते म्हणून दोन सोमवार आला नव्हता...

हे ओंडके ज्या फणसाचे, तो माझ्या स्वयंपाकघरावर कलला होता. आतून पोकळ झालाय, छपरावर येणार, हा घोर मीच घेतला. वासूनं खोडावर बोटांनी टकटक केलं नि म्हणाला, "बाय, भरीव आसा गो." मी ऐकते कुठली! मोठं झाड पाडायचं तर आमच्याकडे देवाचा कौल घेतात. देवळात मूर्तीला पाकळ्या लावल्या, उजवीकडची पडली. देवानं होय म्हटल्यावर आणखी कुणाला विचारायचं? आपल्याच अंगणातल्या झाडाला वनखात्याचा परवाना लागतो, हे वासूला ठाऊक होतं म्हणा. पण कौल मिळाला आणि ते त्याच्याही डोक्यातून गेलं.

फणस आडवा झाला तर आत हळदीसारखा पिवळा, कुठे भोक नाही. तिसऱ्या दिवशी वनखात्याची माणसं आली. हातोड्यानं एकेका ओंडक्यावर नंबर ठोकले, निकालापर्यंत हात लावायचा नाही म्हणाले. कुणी पाडलं, असं विचारताच मी तोंड उघडायच्या आत वासू म्हणाला, "मी. बायक कांय म्हायत ना." मला काही ठाऊकच नाही म्हणे!

कोर्टात न्यायाधीशबाईंनी विचारलं, परवानगी कुणाची? "देवाची," तो म्हणाला. लोक हसले म्हणे, त्या हसल्या नाहीत. देवाला विचारलंत तसं खात्यालाही विचारायचं, सगळेच असे पाडू लागले तर रान उरेल का, म्हणाल्या. "बाई खरां बोलली गो," घरी येऊन वासूच मला सांगत होता. मी येते, खरं सांगते म्हटलं की थट्टा करायचा, "तू येव नाका. म्हातारेक पुढे घातली म्हणून लोक माका हसतले." मीही फार हट्ट धरला नाही... कोर्टाची भीती वाटायची, दुसरं काय. एवढा चांगला फणस दारात, आणि त्या सुताराला रंधा लावायची सोय नव्हती. नुसता बोटांनी वाजवून बघायचा.

वकील म्हणतात, आरोपीच गेला, आता त्याच्यावरची केस मिटली. मग झाड माझ्या हट्टानं पडलं, हे मी कुणापुढे सांगू? ओंडक्यांचं काय ते कोर्ट ठरवील. तोवर सोमवारी मी ते झाडते, नंबरावरची माती पुसते, आणि त्याच्यासारखी बोटांनी टकटक करून बघते.

भरीव वाजतात.