वरच्या मजल्यावरचे मुस्यू

दुसऱ्यांच्या मरणाच्या बातम्या आमच्या मुस्यूंइतक्या दिलेला माणूस सबंध पृथ्वीवर नसेल. फ्रेंच सिनेमात त्यांनी चाळीस वर्षं कामं केली आणि त्यांतल्या निम्म्या कामांत ते ऑपरेशन थिएटरबाहेर येऊन मान हलवणारे डॉक्टर होते. उरलेल्यांत वेटर, पाद्री आणि चुकीचं दार ठोठावणारा पोस्टमन. दोन सिनेमे त्यांनी स्वतः दिग्दर्शित केले. दोन्हींत स्वतःला बरी भूमिका दिली आणि एडिटिंगला बसल्यावर दोन्ही वेळा ती कापून टाकली. "नट बरा होता," मला म्हणाले, "पण सिनेमाला त्याची गरज नव्हती." जणू दुसऱ्याच कुणा बिचाऱ्याबद्दल बोलत होते.

मुलगी दुबईत नोकरीला, म्हणून हे इकडे आले. तिच्या टॉवरमधून माणसं मुंग्यांएवढी दिसतात, अशी तक्रार करून त्यांनी शारजात रोल्ला भागात आमच्या मेसच्या बरोबर वर खोली घेतली, आणि फ्रेंचमध्ये 'साहेब' म्हणतात तसं आम्ही त्यांना 'मुस्यू' म्हणायला लागलो. दुपारी खाली येऊन वरणभात मागवायचे आणि तो गार होईपर्यंत गिऱ्हाइकांची तोंडं बघत बसायचे. प्लंबर भाताचं आळं कसं करतो, सुपरवायझर साहेबाचा फोन आला की उभा कसा राहतो, सगळ्या नकला तयार. डब्याचं झाकण तळहाताने ठोकून लावायची माझ्या बायकोची लकब त्यांनी अशी हुबेहूब केली, की तिने दोन दिवस त्यांना लोणचं वाढलं नाही.

इथल्या मराठी मंडळाने गणपतीत दशावतार करायचं ठरवलं, तेव्हा दिग्दर्शनाला मुस्यूंना मीच पकडलं. दशावतारात संवाद लिहिलेले नसतात, कथा ठरलेली आणि बोलणं ज्याचं त्याने जागेवर करायचं, एवढं सांगायचं तेवढं राहून गेलं. राजा होता कुडाळचा गावडे, दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कात वेल्डर. मुस्यूंना मराठी येत नव्हती, पण कान तिखट. दुसऱ्या तालमीला म्हणाले, "काल हे वाक्य लांब होतं." तिसऱ्या तालमीला वाक्यच नव्हतं. "खलास! पुरे! स्क्रिप्ट कुठे आहे?" ते इंग्रजीत ओरडले. गावडेने छातीवर हात ठेवला. "हय आसा." मुस्यू पांढरेफटक पडले. पुढचे आठ दिवस ते त्या गरीब माणसाच्या मागे लागले होते, "पाठ कर, पाठ कर!"

शेवटी त्यांच्या मुलीने मला बाजूला घेतलं. शेवटच्या शूटिंगला बाबांना एक ओळ आठवेना, म्हणाली. एकच ओळ. सगळे सांभाळून घेत राहिले, आणि तेच त्यांना जास्त लागलं. तेव्हापासून ते ना कॅमेऱ्यापुढे उभे राहिले, ना स्टेजवर. त्यांच्या ओरडण्याचा मला आलेला राग तिथेच विरला.

प्रयोगाच्या दिवशी दूताचं काम करणारा आमचा माणूस रास अल खैमातच अडकला. त्याची ड्यूटी वाढली होती. गावडे मुकुटासह मुस्यूंसमोर जाऊन उभा राहिला. "सर, आप दूत. कुछ भी बोलो. मैं राजा है, मैं संभालेगा." मुस्यू नको नको म्हणत मागे सरकत होते. मृदंग वाजायला लागला. गावडेने आपला शेला त्यांच्या खांद्यावर टाकला. "यल्ला, हबीबी, चलो!" आणि हाताला धरून नेलंच.

हॉल भरलेला. मुस्यू नुसते उभे. मग ते फ्रेंचमध्ये बोलायला लागले, अगदी हळू, तीन-चार वाक्यं. कुणाला अक्षर कळलं नाही, पण मागे इंग्रजीत खिदळणारी पोरंसुद्धा पुढे सरकून ऐकायला लागली. दशावतारातलं सिंहासन म्हणजे साधा बाक. गावडे त्यावर जरासा सरकला आणि राजाने दूताला शेजारी बसवून घेतलं. "बसा हय वायच. आमका कसलीच घाई नाय." टाळ्या थांबेनात.

मुस्यूंची मुलगी ऑफिसातून थेट आली होती, दाराशी उभी राहून डोळे पुसत होती. काय बोलले म्हणून मी विचारलं.

"म्हणाले, महाराज, मी फार लांबून आलोय. निरोप पाठ करून निघालो होतो, वाटेत विसरलो. थोडं थांबू दिलंत, तर आठवेल."

पुढच्याच वर्षी तिची बदली झाली आणि मुस्यू तिच्याबरोबर फ्रान्सला परत गेले. मला त्यांची फार आठवण येते. अधूनमधून फोन करतात. "हॅलो" म्हणतात आणि गप्प होतात. माझं नाव शोधत असावेत. मी सांगत नाही. भाजी करपली तरी चालेल, मी फोन कानाला धरून थांबतो.