डाव्या हाताचा गुळव्या

हे मी घरात बोललो नाही, देवापुढंही नाही. तुम्हाला सांगतो — कसं सांगावं ते अजून कळत नाही, पण सांगतो.

मी सांगलीत एका थिएटरात ऑपरेटर आहे. मशीनवर सिनेमा चालवतो. आमच्या गल्लीत अण्णा राहायचे. दुसऱ्या महायुद्धाच्या आधी, हातानं फिरवायचा कॅमेरा घेऊन ते गावोगाव हिंडले होते. राजाराणीचा सिनेमा त्यांनी कधी काढला नाही — मिरजेचे तंबोरे करणारे, हळद शिजवणाऱ्या बाया, गुऱ्हाळं, असलंच सगळं. लोक म्हणायचे, "अण्णा, गूळ खायचा का बघायचा वो?" अण्णाही हसायचे. म्हातारपणी ती सगळी रिळं त्यांनी माझ्याकडं सांभाळायला दिली. एवढा विश्वास.

चार वर्षांपूर्वी कऱ्हाडकडच्या हौसाबाईंचा त्यांना निरोप आला. बाईंचा नवरा गुळव्या — गुऱ्हाळात काहिलीपाशी उभा राहून, पाकाची गोळी वळून गूळ तयार झाला का ते ओळखणारा. अण्णांनी त्याला कामावर असताना टिपलं होतं. मग तो पलटणीत गेला आणि लढाईवरून आलाच नाही. घरात एक फोटोसुद्धा नाही. बाईंना त्याला एकदा बघायचं होतं. अण्णांनी कळवलं, ये.

आणि मी — आदल्या आठवड्यात ते रीळ तपासताना मी विडी ओढत होतो. जुनी फिल्म ठिणगीनं भडकते, हे मला माहीत नव्हतं का? माझा तर तोच धंदा. बघता बघता राख झाली. अण्णांना सांगायचा धीर झाला नाही — की नोकरीची भीती? दोन्ही असेल.

दुसऱ्याच गावच्या गुऱ्हाळाचं एक रीळ होतं. काहिलीची वाफ, धड चेहरा दिसत नाही. तेच लावलं.

सकाळचं रिकामं थिएटर. अण्णांची नजर तोवर गेली होती, बाईंशेजारी बसून ते सारखं विचारत होते, "दिसला का गं?" रीळ संपलं तशा बाई जिना चढून माझ्या केबिनच्या दाराशी आल्या.

"आवं दादा, ह्ये आमचं धनी न्हवंत. त्ये डावरं हुतं. सासूबाई हातावर फुकणी हाणायच्या, तरी पाकाची गोळी डाव्याच हातानं वळायचं. ह्यो तर उजव्यानं वळतुय."

तिथंच सांगता आलं असतं. नाही का?

मी म्हणालो, "मावशी, रीळ उलटं बसलंय. थांबा, सरळ लावतो."

फिल्म पालटून लावली की पडद्यावर उजव्याचं डावं होतं — कुठलाही ऑपरेटर जाणतो. मी पालटली. त्या परक्या माणसानं डाव्या हातानं गोळी वळली. मी केबिनच्या भिंतीतल्या भोकातून बघत होतो. बाई पडद्यापाशी गेल्या, जमिनीला डोकं टेकलं. किती वेळ वर बघेचनात.

जाताना म्हणाल्या, "त्यास्नी इसरत चालले हुते बगा. त्वांड आठवायचं न्हाई, निस्ता त्यो हात तेवढा आठवायचा. आता सगळं पक्कं बसलं."

अण्णा दिवसभर खुशीत होते. गेल्या वर्षी ते गेले; त्यांना काही कळलं नाही. बाई अजून दर संक्रांतीला गुळाची ढेप पाठवतात. मी ती घेतो. बायको लाडू वळते. खातो.

नवऱ्याचं बाईंपाशी एवढंच उरलं होतं — तो डावा हात. तो मी दुसऱ्याच्या अंगाला लावला.