पिवळ्या घरांची वसाहत

भिंतीच्या ओल्या रंगाचा वास आला, की मला गेवराईजवळची आमची धरणग्रस्तांची वसाहत आठवते. सरळ रांगा आणि दारासकट एकसारखी पिवळी घरं. मी एकदा आमचंच समजून मागच्या रांगेतल्या नामदेवकाकांकडे जेवायला बसलो होतो. काकूंनीही मुकाट वाढलं.

पुढे वडील आणि काका दोघंही बीडच्या दवाखान्यात होते. एका दुपारी मागून काकूंचा हंबरडा आला. "नामदेवभावजी गेले गं बाई," म्हणत आईनं त्यांच्या घरी न्यायला भाकरीचं पीठ मळायला घेतलं.

तेवढ्यात दवाखान्याची जीप आमच्या दारात आली. ड्रायव्हर मान खाली घालून म्हणाला, "वैनी, घरं समदी सारखीच हायती. आदी त्यांच्या दारात गेलतो."

तेव्हा मला काकूंचा राग आला होता. आता वाटतं, त्या चुकून रडल्या, तेवढा वेळ आई सवाष्ण राहिली.