हातभर लांबीच्या काटक्या

गॅलरीच्या कठड्यावर आप्पांनी लोकरीचे मोजे उन्हात टाकले होते. ते मोजे फक्त डोंगरासाठी. कॉलेजात शिकवून मी घरी आले तेव्हा ते दिसले आणि रात्री जेवताना काय बोलणं होणार ते कळलं.

"थंडी चांगली पडली," आप्पा म्हणाले.

"हो."

"गुहा कोरडी असेल आता."

मी भाजी वाढली. जाऊ या, असं उघड ते कधीच म्हणत नाहीत. ते कधीच म्हणत नाहीत.

२००७ चा डिसेंबर होता. त्याआधीच्या पावसाळ्यात आप्पांच्या छातीत दुखलं होतं. दवाखान्यातून घरी सोडताना डॉक्टर म्हणाले, सपाटीवर कितीही चाला, चढ नको. जिना चढतानाही मध्ये थांबा. नाशिकच्या गंगापूर रोडला आमचं घर दुसऱ्या मजल्यावर आहे. आप्पा पहिल्या मजल्यावर थांबायचे, कठड्याला धरून, कोणी आलं तर चप्पल नीट करतोय असं दाखवायचे.

ते रेल्वेत गार्ड होते. नोकरीची बरीच वर्षं मनमाडला गेली. सुटी आली की ते डोंगरावर जायचे, आणि १९९१ पासून, मी कॉलेजात गेल्यापासून, मलाही नेऊ लागले. किल्ले पुष्कळ झाले, पण दर हिवाळ्यात एकदा ठरलेला डोंगर एकच. नकाशात त्याच्यावर नुसता उंचीचा आकडा आहे. पायथ्याच्या खडकवाडीत त्याला गड म्हणतात. वर तटबंदी नाही, तोफ नाही. कातळात खोदलेली एक गुहा, तिच्याशेजारी पाण्याचं टाकं, आणि पूर्वेला उघडं आकाश. सहा माणसं झोपतील एवढी जागा. आई गेली त्या वर्षीही आम्ही गेलो होतो. तिथे दोघं फारसं बोललो नव्हतो, पण घरी त्याहूनही कमी बोलत होतो.

आठवड्याने मीच विषय काढला. आपण जाऊ. तुम्ही खडकवाडीत कोंडाजीमामांकडे राहायचं, मी वर जाईन, गुहेत झोपेन, सकाळी टाक्याचं पाणी घेऊन उतरेन.

आप्पांनी विचार केला. "संध्याकाळी गुहेच्या तोंडाशी आग कर. साडेसातला. मी खालून दिवा दाखवीन."

"चढायचं नाही."

"गडावर चढणार नाही," ते म्हणाले.

जाणाऱ्यांसाठी वाट सांगते. नाशिकहून सकाळी सातच्या एसटीने सिन्नर, तासाभरात. स्टँडबाहेर पश्चिमेकडच्या गावांच्या जीप लागतात. माणशी वीस रुपये, पण जीप भरल्याशिवाय हलत नाही आणि ड्रायव्हरची 'भरली'ची व्याख्या आपल्याहून वेगळी असते. आम्ही दीड तास बसून होतो. तेवढ्यात पोहे खाऊन घ्यावेत. पुढे रस्ता आहे तोवर बरा आहे, शेवटचे चार किलोमीटर नुसती खडी. गावात हॉटेल नाही, फोनला रेंज नाही. पाणी सिन्नरला भरून घ्या.

जीपमध्ये एका बाईंनी आप्पांचे मोजे पाहून विचारलं, "बाबा, लग्नाला का?"

"माहेरी," आप्पा म्हणाले. जीप हसली.

कोंडाजीमामा आप्पांच्याच वयाचे. दोन म्हशी, थोडी नागली, थोडा हरभरा. पंधरा-सोळा वर्षांत आम्ही दर हिवाळ्यात त्यांच्या ओट्यावर बूट बांधले आहेत. हिरामामींनी हुलग्याचे शेंगोळे केले होते आणि वर कच्चं तेल सोडलं. "गार्डसायेब, लय वाळले तुम्ही," त्या म्हणाल्या. आप्पांनी उत्तराऐवजी दुसऱ्यांदा वाटी पुढे केली. जेवणाचे पैसे त्या घेत नाहीत. येताना चहा-साखर, बिस्किटं न्यावीत आणि घरात नकळत ठेवून द्यावीत.

दोन वाजता मी निघाले. आप्पा ओट्यावर बसून राहिले. वळणावर मागे पाहिलं तेव्हा ते बुटांच्या नाड्या बांधत होते. गावात फिरायला बांधत असतील, असं मी समजले.

दीड तासात माची येते, म्हणजे गडाच्या कमरेवरची सपाटी. तिथे मारुतीचं देऊळ आहे. भिंती दगडी, वर पत्रा. माचीवर एक काम करायचं असतं, ते आम्ही कधी चुकवलं नाही. वाळक्या काटक्या गोळा करायच्या आणि मोळी बांधून वर न्यायची. गुहेच्या आसपास एक झुडूप नाही, त्यामुळे वर जळण असतं ते कोणीतरी वाहून आणलेलं. आधीच्या माणसाने ठेवलेलं आपण जाळायचं, आपण नेलेलं पुढच्यासाठी ठेवायचं. हा नियम कोणी लिहिलेला नाही. एकदा जानेवारीत आम्ही भिजून वर पोचलो होतो, अवकाळी पावसात, रिकाम्या हातांनी. गुहेच्या कोपऱ्यात हातभर उंचीचा ढीग होता आणि त्यावर प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलेली काडेपेटी. कोणी ठेवली ते कधी कळलं नाही. तेव्हापासून आप्पांची मोळी नेहमी जरुरीपेक्षा मोठी असायची.

माचीपुढे तासभर चढ. शेवटी खोदलेल्या पायऱ्या आहेत, त्यांवर डावा हात भिंतीला ठेवावा. पाचला गुहेत पोचले. आतल्या कोपऱ्यात जळण होतं, बेताचं. माझी मोळी त्याच्याशेजारी ठेवली. टाक्याचं पाणी प्याले. थंड, किंचित दगडाच्या चवीचं. आप्पा बसायचे त्या जागी सॅक ठेवली, मग उचलून दुसरीकडे ठेवली.

साडेसातला आग केली. खाली खडकवाडीचे सातआठ दिवे दिसत होते. त्यांच्यापासून वेगळा, हलणारा एक दिवा मला हवा होता. आप्पांच्या बॅटरीच्या काचेवर त्यांनी हिरवा जिलेटिनचा कागद लावला होता, म्हणजे ओळखू यावा. आयुष्यभर ते शेवटच्या डब्यातून हिरवा दिवा हलवत आले.

दिवा दिसला नाही.

आग लहान पडत असेल म्हणून आणखी काटक्या घातल्या. पावणेआठ. आणखी घातल्या. गावातला एक दिवा विझला, मग दुसरा. छातीत दुखत असेल का, हा विचार एकदा आला आणि मग गेलाच नाही. कोपऱ्यातलं जळण आणलं. माझी मोळी सोडली. ज्वाळा गुहेच्या छताला लागत होत्या आणि मी गावाकडे टक लावून बसले होते.

आठ वाजून गेल्यावर हिरवा दिवा दिसला. गावात नव्हता. गावाच्या पुष्कळ वर, काळ्याशार डोंगराच्या मध्यावर होता. तो डावीकडून उजवीकडे गेला, परत आला. सावकाश, सवयीने.

आप्पा माचीवर होते.

मी बॅटरी घेऊन कड्याशी गेले आणि तशीच हलवली. रात्रीच्या वाऱ्यात हाक पोचणार नव्हती. अंधारात त्या पायऱ्या उतरायच्या नाहीत, हे मला त्यांनीच शिकवलेलं. हिरवा दिवा अजून दोनदा हलला आणि विझला. त्यानंतर मी स्लीपिंग बॅगमध्ये बसून उजाडण्याची वाट पाहिली. एवढी लांब रात्र त्या गुहेत कधी काढली नव्हती, आणि एवढं त्यांच्या जवळही कधी नव्हते.

फटफटताच बाटली भरली आणि उतरले.

देवळाच्या पायरीवर आप्पा घोंगडी पांघरून बसले होते. तीन दगडांच्या चुलीवर कोंडाजीमामा चहा करत होते.

"चढणार नाही म्हणाला होतात," मी म्हणाले. आवाज मला वाटला त्यापेक्षा मोठा निघाला.

"गडावर नाही म्हणालो होतो. माची म्हणजे गड नव्हे."

"मामा, तुम्ही तरी?"

"ताई, मी लय सांगून पाह्यलं. ऐकत्यात व्हय? म्हनलं मंग संगं जावं. चार तास लावलं यांनी. आमची म्हैस तेवढ्यात दोनदा जाऊन येती." त्यांनी चहा गाळला. "दर दहा पावलाला बसले. पन दुखलं नाय, मी इचारीत होतो."

"म्हशीला असं विचारतोस का?" आप्पा म्हणाले.

"म्हैस शहानी हाय."

आप्पांचा चेहरा थकलेला होता. ओठ फिकट. पण पहिल्या मजल्यावर थांबतात तेव्हा असतो तसा नव्हता. मी बाटली दिली. त्यांनी एक घोट तोंडात धरून ठेवला, गिळला, झाकण लावलं. मग वर पाहिलं. माचीवरून गुहा दिसते, कातळातली एक काळी फट. ते खूप वेळ पाहत होते. तासाभराची वाट. त्यांना ती पायरीन् पायरी पाठ होती आणि तिथे आता ते जाणार नव्हते. हे आम्हा दोघांनाही कळलं होतं; चहा चांगला झालाय, एवढंच आम्ही म्हणालो.

"आग छान दिसली," ते म्हणाले. "फार मोठी केलीस."

"तुमचा दिवा दिसेना."

"सेल ढिले झाले होते. लाकडं किती ठेवलीस?"

मी चुलीतली काटकी पुढे सारली. सोळा वर्षांत ती एक गोष्ट मी विसरले नव्हते.

"सगळी जाळली?"

"सगळी."

आप्पा रागावले नाहीत. कप खाली ठेवला आणि उठले. कोंडाजीमामांचा कोयता घेऊन देवळामागे गेले. मी पुढे झाले तर म्हणाले, "सपाटी आहे ही." वाळक्या काटक्या निवडून ते एक एक तोडत होते. प्रत्येक काटकी कोपरापासून बोटांपर्यंत हाताला लावून पाहायची, मग घाव. सगळ्या सारख्या. पाऊण तास लागला. मध्ये दोनदा बसले.

"आना, मी नेतो वर," कोंडाजीमामा म्हणाले. "ताईला कशाला परत चढवता?"

"जाळली तिनं. नेईल तीच."

मोळी त्यांनी स्वतः बांधली आणि माझ्या डोक्यावर देण्याआधी एकदा उचलून पाहिली, क्षणभर छातीशी धरली. मग म्हणाले, "अगदी आत ठेव. पावसाची झड येते तिथे नको."

मी पुन्हा चढले. वळणावर मागे पाहायची, तर ते पायरीवर बसलेले, मान वर. शेवटच्या पायऱ्यांवर डावा हात भिंतीला लावला तेव्हा खालून कोंडाजीमामांची हाक आली. नंतर त्यांनी सांगितलं, आप्पा सगळा वेळ बोलत होते. आता घसाऱ्यावर असेल. आता उंबराजवळ. आता पायऱ्या लागल्या असतील. मोळी मी गुहेच्या अगदी आतल्या कोपऱ्यात लावली, काडेपेटी प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून तिच्यावर ठेवली. कड्यावर येऊन हात हलवला. खाली पायरीवर एक हात वर झाला आणि तसाच राहिला.

उतरायला आप्पांना तीन तास लागले. संध्याकाळी घरचा जिना चढताना ते पहिल्या मजल्यावर थांबले आणि या वेळी चप्पल नीट केली नाही. नुसतेच थांबले.

या गोष्टीला दोन हिवाळे झाले. आम्ही पुन्हा गेलो नाही. डॉक्टरांनी आता सपाटीलाही मर्यादा घातली आहे. मोजे थंडीत गॅलरीत येतात, संध्याकाळी आत जातात. डोंगराचा विषय आप्पा फारसा काढत नाहीत. पण कडाक्याची थंडी पडली की सकाळी पेपर वाचता वाचता म्हणतात, "काल कोणीतरी वर असेल. जाळली असेल मोळी."

"असेल," मी म्हणते.

तुम्ही गेलात, तर माचीवर थांबा. मोळी न्या, शेवटच्या पायऱ्यांवर डावा हात भिंतीला ठेवा. गुहेच्या अगदी आतल्या कोपऱ्यात सारख्या लांबीच्या काटक्या दिसल्या, तर खुशाल जाळा. त्या त्यासाठीच आहेत. फक्त जाळल्यात, तर इथे खाली प्रतिक्रियांत एक ओळ लिहा. मला त्यांना वाचून दाखवायची आहे.