उभ्या उभ्या प्यायलेला चहा

टॅक्सीत बॅगा चढवून झाल्या, तरी आबा दाराला धरून उभे होते. नगर रस्त्याला आमच्या भावकीतली निम्मी मंडळी जमली होती. वाघोलीतली मुलगी पुढं शिकायला स्पेनला चालली होती, आणि स्पेन नक्की कुठं येतं यावर दोन चुलत्यांचा वाद रंगला होता. ड्रायव्हरनं हॉर्न वाजवला तेव्हा आबा वाकून म्हणाले, "जातीस तर जा. पर कुणाची खरकटी घासायला चालली न्हाईस, एवढं ध्यानात ठेव." आई त्यांच्या मागं होती. हे ऐकून तिनं मान वळवली आणि माझ्या धाकट्या भावाची, संतोषची, कॉलर उगाचच नीट केली.

तिनं मान का वळवली ते मला माहीत होतं. मी लहान असताना, रस्त्याकडेच्या जमिनीला भाव यायच्या आधी, आई रोज सकाळच्या बसनं कोरेगाव पार्कातल्या एका बंगल्यात धुण्याभांड्याला जायची. गावात सांगितलं जायचं की ती कंपनीत पॅकिंगला जाते. शाळेला सुट्टी असली की मला बरोबर न्यायची. मी मागच्या पायरीवर बसून बघायची. भांडी झाली की बंगल्यातल्या बाई तिला चहा द्यायच्या. आई आधी पदराला हात पुसायची, पालथे, मग सुलटे, आणि मगच कप घ्यायची. बेसिनला टेकून उभ्या उभ्या प्यायची, नजर कपात. संपला की कप स्वतःच विसळून खिडकीत पालथा घालायची, बाकीच्या कपांपासून लांब. पुढं जमीन विकली, दुमजली घर झालं, आणि ती बस, तो बंगला, दोन्ही आमच्या बोलण्यातून गेले ते गेलेच.

माद्रिदला मी शिकायला गेले आणि नटी झाले. कॉलेजात एकांकिका केल्या होत्या, ती खुमखुमी अंगात होतीच. तिथल्या एका हौशी नाटकमंडळीत शिरले, एका एजंट बाईंनी पाहिलं, फोटो मागितले. सुरुवातीला मी नुसती गर्दीत असायची. बाजारातली बाई, दवाखान्यात बाकावर बसलेली बाई. मग एका सिनेमात सुरुवातीलाच मरणारी बायको. भूमिका मोठ्या होत गेल्या, बाई मात्र तीच राहिली. माझी स्पॅनिश चांगली आहे. कास्टिंगवाले तिचं कौतुक करतात आणि मग विचारतात, जरा कमी चांगली बोलता येईल का? येईल, मी म्हणाले. घरभाडं कुणाला चुकलंय? शेवटी रोजच्या एका मालिकेत मला शांती मिळाली. नाव शांती, कारण लिहिणाऱ्याला आपल्याकडचा तेवढा एकच शब्द ठाऊक होता. श्रीमंत सेन्योराच्या, म्हणजे मालकीणबाईंच्या, घरातली मोलकरीण. मालिका धो धो चालली. मासळीवाला मला शांती म्हणूनच हाक मारतो आणि मूठभर कोळंबी जास्तीची घालतो. माझ्याकडे दर गुरुवारी साफसफाईला येणारी मार्ता, मूळची होंडुरासची, तीही न चुकता बघते. एकदा म्हणाली, "बाई, तुम्ही अगदी आमच्यासारखं करता." तेव्हा मला केवढा आनंद झाला होता. आता ते आठवलं की कानशिलं तापतात.

घरी फोनवर सांगायची, "मोठ्या घराण्याची गोष्ट आहे, त्यात माझं महत्त्वाचं काम आहे." यात खोटं काहीच नव्हतं.

ज्या प्रसंगासाठी मला बक्षीस मिळालं, त्यात मला एकही वाक्य नाही. मेजवानी उरकली आहे, शांती एकटी ग्लास घासते आहे. सेन्योरा आत येते, आपलं दुःख सांगून रडते आणि जाताना शांतीसाठी कॉफी ओतून ठेवते. दिग्दर्शक म्हणाला, पुढं तुला सुचेल ते कर. मला सुचलं काहीच नाही, आठवलं. मी ॲप्रनला हात पुसले, पालथे, मग सुलटे. बेसिनला टेकून उभ्या उभ्या कॉफी प्यायले. कप विसळून पालथा घातला, बाकीच्यांपासून लांब. दिग्दर्शकाचे डोळे भरून आले. बक्षीस घेताना मी त्याचे आभार मानले, एजंट बाईंचे मानले, कॉलेजातल्या नाटकवाल्यांचेही मानले. हे कुठून आणलंत, असं पत्रकारांनी विचारलं. निरीक्षणातून, मी म्हणाले. आईचं नाव घ्यायचं तर बंगलाही सांगावा लागला असता.

यंदा वाघोलीला गेले तर चौकात माझा फ्लेक्स. मालिका हिंदी आवाजात आपल्याकडे मोबाइलवर पोचली होती, आणि संतोषनं, ज्याला पुढच्या निवडणुकीत उभं राहायचंय, माझा सत्कार ठरवला होता. 'वाघोलीची कन्या, स्पेनची सुपरस्टार!' त्याच्या फ्लेक्सवाल्या मित्रानं पोस्टरवरच्या सेन्योराच्या लाल झग्यावर माझं मुंडकं बसवलं होतं आणि खाली गॉगल घातलेल्या शुभेच्छुकांची रांग लावली होती. हसावं की रडावं कळेना. मी संतोषला बजावलं, मालिकेतलं काही दाखवू नकोस. "ताई, दोन मिन्टाचा तर सीन हाय," तो म्हणाला. "बक्षीसवाला." त्यानं स्वतः तो पाहिलाही नव्हता.

मंगल कार्यालय भरलं होतं. मला फेटा, आबांना फेटा, शाल, श्रीफळ, सगळं रीतसर. आबा पहिल्या रांगेत ताठ बसले होते. पोरीला परमुलखात धाडतोय म्हणून भावकीनं त्यांना काय काय ऐकवलं होतं, आणि आज त्याच भावकीच्या हातून ते हार घालून घेत होते. हा एक दिवस त्यांच्या पदरात नीट पडावा, एवढंच मला हवं होतं. मग दिवे मालवले आणि पडद्यावर शांती ग्लास घासायला लागली.

मी पडद्याकडे पाहिलं नाही, आबांकडे पाहिलं. ते हसऱ्या चेहऱ्यानं लाल झग्यातल्या लेकीला शोधत होते. मग त्यांना मी सापडले. फेट्यासकट मान हळूहळू खाली गेली. शेजारी आई होती. शांतीनं ॲप्रनला हात पुसले, तेव्हा आईनं मांडीवरचे आपले हात पदराखाली घेतले.

टाळ्या पडल्या, जरा उशिरानं. "ॲक्टिंग एक नंबर!" मागून कुणीतरी ओरडलं. आमची थोरली चुलती, जिला ते कंपनीतलं पॅकिंग कधीच पटलं नव्हतं, शेजारणीला म्हणाली, पण सगळ्यांना ऐकू जाईल अशा बेतानं, "पोर आईच्या वळणावर गेली बाई. हुबेहूब!" मला दोन शब्द बोलायला उठवलं. भाषण पाठ होतं. मी नमस्कार केला आणि खाली बसले. शरम वाटत होती, आणि ती भांडी घासण्याची नव्हती. आईनं जे जन्मभर झाकून ठेवलं ते मी तिला न विचारता परक्या देशात नेऊन दाखवलं, त्यावर बक्षीस मिरवलं, आणि आता तिच्याच गावात, तिला समोर बसवून, उघडं केलं होतं.

घरी आल्यावर आबांनी फेटा काढून खुर्चीवर ठेवला. "निघताना मी काय सांगितलं हुतं?" एवढंच बोलले. उत्तराला थांबले नाहीत, जिना चढून वर गेले. "पर लोकांना आवडलं की," संतोष पुन्हा पुन्हा म्हणत राहिला.

सकाळी आई मेथी निवडत होती. मी जवळ जाऊन बसले. आपल्यात आईची माफी कशी मागतात, मला कुणी शिकवलेलं नाही. "चुकलं माझं," म्हणाले. ती पानं खुडत राहिली. मग तिनं विचारलं,

"ती बाई तुला कधी बस म्हणती का?"

"कोण बाई?"

"तुझी. शिरेलीतली."

मी आठवून पाहिलं. शांतीनं त्या घरात बाळं सांभाळली, म्हाताऱ्याची शुश्रूषा केली, खुनाच्या आळातून सेन्योराला वाचवलंसुद्धा. "नाही म्हणत," मी म्हणाले.

"मलाबी न्हाई म्हणली कधी. चहा ग्वाड द्यायची, आल्याचा. पर बस न्हाई म्हणली." मग उरलेली जुडी माझ्याकडे सरकवून म्हणाली, "निवड." त्या बंगल्याबद्दल आई माझ्याशी आयुष्यात बोलली ते एवढंच.

या वेळी निघताना आबा टॅक्सीपर्यंत आले. दाराला धरून उभे राहिले, पण काही बोलले नाहीत. त्यांनी पुन्हा एकदा बजावलं असतं तर मला बरं वाटलं असतं.

तुम्ही जे मागं राहिलात ते मला विचारता, तिकडं करमतं का? तुम्ही जे माझ्यासारखे बाहेर पडलात ते विचारत नाही, तुम्हाला उत्तर माहीत आहे. इथले, माद्रिदचे मुलाखतवाले विचारतात, घर म्हणजे तुमच्यासाठी काय? माझं उत्तर ठरलेलं असायचं. आमच्याकडे दारात आलेल्या माणसाला आधी 'या, बसा' म्हणतात, जिथं तसं म्हणतात ते घर. लोकांना हे फार आवडायचं. मलाही.

परत आल्यावर पहिल्याच गुरुवारी मार्ता आली. काम उरकल्यावर मी नेहमीसारखी तिच्यासाठी कॉफी केली. मी कॉफी चांगली देते. तिनं ॲप्रनला हात पुसले, कप घेतला आणि ओट्याला टेकून प्यायला लागली, नेहमीसारखीच. टेबलापाशी दोन खुर्च्या आहेत, ती यायला लागली त्याच्याही आधीपासून आहेत. मी एक ओढली आणि म्हणाले, "मार्ता, बसा ना."

ती दचकली. "काही चुकलं का, बाई?"

"नाही, नाही. सहजच. बसा."

ती कानकोंडी होऊन हसली. "नको. कपडे ओले आहेत माझे, आणि अजून एका घरी जायचंय." घाईघाईनं कॉफी संपवून तिनं कप विसळला आणि पालथा घातला, बाकीच्यांपासून लांब.

ती गेल्यावर मी तो कप उचलून इतर कपांत ठेवला. माझी कॉफी टेबलावर निवत होती. खुर्ची ओढलेलीच होती, आणि माझ्याच घरात मला बसवेना.