माझ्या तोंडी दुसरीचा आवाज

"थायरॉइडचा कॅन्सर आहे. गाठ काढावी लागेल, आणि लवकर," बर्मिंगहॅमच्या हॉस्पिटलात सर्जन म्हणाले. थायरॉइड म्हणजे गळ्यातली ग्रंथी. मी विचारलं काय, तर, "पुढच्या महिन्यात म्युनिकला डबिंग आहे माझं. त्यानंतर चालेल?" शेजारी बसलेल्या माझ्या नवऱ्याने, स्वतः डॉक्टर असून, कपाळाला हात लावला.

तुम्हाला हसू येईल. पण पुण्यात जर्मन शिकून मी म्युनिकला नाटकाच्या शाळेत गेले होते. लग्नानंतर इकडे आले, तरी बोलावणं आलं की विमान पकडायचेच. जर्मन सिनेमात मी परदेशी नर्स, परदेशी शेजारीण, परदेशी मोलकरीण. या बायांना कधी नावसुद्धा नसायचं.

या खेपेला माझ्या बाईला नाव होतं, घर होतं, आणि सोडून चाललेल्या नवऱ्याशी भांडणाचा अख्खा प्रसंग होता. शूटिंग झालं होतं. पण ट्रामच्या खडखडाटात आवाज बिघडला होता. असे संवाद नंतर स्टुडिओत, पडद्यावरच्या आपल्याच ओठांकडे बघत, पुन्हा बोलायचे असतात. तेवढंच राहिलं होतं हो!

सर्जननी नीट समजावलं. रिकरंट लॅरिंजियल नर्व्ह म्हणजे स्वरतंतू हलवणारी नस. "ती गाठीला चिकटलेली असू शकते. आवाज जाईल, कदाचित परत येईल. आत्ता सांगता येत नाही." तुमच्यावर ही वेळ आली तर आधीच सगळं विचारून घ्या. भीड कसली त्यात?

ऑपरेशननंतर मी पाणी मागितलं, तर तोंडातून नुसती हवा.

मग आठवडेच्या आठवडे स्पीच थेरपी, म्हणजे आवाजाचे व्यायाम. शिकवणारी ग्लासगोची पोरगी "ईऽऽ" म्हणायची, मी फुसफुसायचे. वेटिंग रूममध्ये बसून मनातल्या मनात भांडणाचे संवाद म्हणायचे. म्युनिकला जायला जीव नुसता तळमळायचा.

दिग्दर्शकाचा फोन आला. त्यांना थांबणं शक्य नव्हतं, दुसऱ्या नटीकडून डबिंग करून घेतलं होतं. मी उशीत तोंड खुपसून रडले. कॅन्सर कळला तेव्हाही एवढी रडले नव्हते, खोटं कशाला सांगू?

आजार आता आटोक्यात आहे. सर्जनचे उपकार मानावे तेवढे थोडेच. आवाज परत आला, पण घोगरा. फोनवर लोक मला 'सर' म्हणतात. म्हणू देत मेले.

पुढे सिनेमाची डीव्हीडी आली. त्या नटीचं जर्मन माझ्याहून शुद्ध, आणि भांडलीही झकास. आमची अंजू इथेच जन्मली, वाढली. तिला जर्मन ओ की ठो कळत नाही. तरी ती म्हणाली, "आई, हे तू नाही बोलत."

मी रिमोट घेतला, टीव्ही म्यूट केला आणि प्रसंग पहिल्यापासून लावला. पडद्यावरच्या माझ्या ओठांबरोबर मी भांडायला लागले. घसा खरवडत होता, शेवटचे शब्द तर फुटलेच नाहीत.

अंजू सोफ्यावरून सरकत माझ्याजवळ आली. "आई," ती म्हणाली, "परत लाव ना. परत बोल."